कॅम्प नोऊ, २६ मे १९९९: तुम्ही त्या रात्री कुठे होता?

खिडकीपाशी
परवा भाच्याची शाळेची टीम शेवटच्या मिनिटाला हरली. पोरगा घरी आला तो बूटही न काढता जिन्यात बसून राहिला, जेवायला येईना. काय बोलावं सुचेना, म्हणून शेजारी बसले आणि मोबाइलवर त्याला कॅम्प नोऊवरच्या त्या चॅम्पियन्स लीग फायनलमधला सामी कुफूर दाखवला. मँचेस्टर युनायटेडकडून शेवटच्या क्षणी हरलेल्या बायर्न म्युनिकचा बचावपटू, गवतावर मुठी आपटतोय आणि रेफरी कोलिना त्याला उठवायचा प्रयत्न करतोय. भाच्याने तीन वेळा बघितलं आणि मग विचारलं, "आत्या, तू हे लाइव्ह बघितलंस?"

बघितलं तर! गिरगावात आमच्या मजल्यावर ज्यांच्याकडे मोठा टीव्ही होता त्यांच्या घरी. त्याच दुपारी टाँटनला गांगुलीने १८३ आणि द्रविडने १४५ मारले होते, श्रीलंकेला धुतलं होतं, त्यामुळे सगळी चाळ खुशीत. क्रिकेट संपलं तसे मोठे लोक झोपायला गेले. सव्वाबाराला फुटबॉल सुरू झालं तेव्हा आम्ही मोजकेच उरलो होतो, मजल्यावरची मुलं आणि मी. घरातले काका कारगिलच्या बातम्यांसाठी जागे होते. त्या दिवशीच आपल्या हवाई दलाने तिथे हल्ले सुरू केले होते.

सामना ज्यांनी पाहिलाय त्यांना सांगायला नको. सहाव्या मिनिटाला बायर्नच्या बास्लरची फ्रीकिक, भिंतीला वळसा घालून आत, युनायटेडचा गोलकीपर श्मायकेल जागेवरच. मग ८४ मिनिटं मँचेस्टर युनायटेडच्या धडका आणि फळ काही नाही. कीन आणि स्कोल्स दोघेही निलंबित. बेकहॅम मधे, गिग्ज उजवीकडे, सगळी घडीच बदललेली. उलट बायर्नच्या शॉलने उचललेला चेंडू खांबाला लागला, यान्करची ओव्हरहेड किक बारला. आणि मग इंज्युरी टाइम. बेकहॅमचे दोन कॉर्नर, शेरिंगहॅम, सोल्शायर. २-१.

लोक याला नशीब म्हणतात ते मला तेव्हाही पटलं नव्हतं, आजही नाही. ती टीम वर्षभर हेच करत आली होती. जानेवारीत एफए कपमध्ये लिव्हरपूलला शेवटच्या मिनिटांत उलटवलं, तिथेही विजयी गोल सोल्शायरचाच. सेमीफायनलला तुरिनमध्ये युव्हेंटसविरुद्ध ०-२ वरून ३-२. ज्यांना सवय असते त्यांनाच वेळ पुरतो.

तर सांगा, तुम्ही कुठे होता? त्या रात्रीची कुठलीही आठवण चालेल.

पेठकरी
कोल्हापूर. तालमीत. आणखी कुठं असणार!
त्या वेळी आमच्याकडं निम्मी पोरं युनायटेडची आणि निम्मी फक्त युनायटेडच्या विरोधात. बायर्नचं कौतुक कुणाला नव्हतं, पण पाटाकडील आणि प्रॅक्टिस या आमच्या क्लबांची मॅच बघून वाढलेल्या माणसाला कुठल्यातरी एका बाजूला बसायलाच लागतं. ८० व्या मिनिटाला बायर्नच्या माथेउसला बाहेर काढला तेव्हा विरोधी बाजूनं भेळ मागवायची भाषा सुरू झाली. रात्री दोनला भेळ कोण देणार होतं कुणास ठाऊक. दुसरा गोल झाल्यावर जे काही झालं ते लिहीत नाही, शेजारची म्हातारी काठी घेऊन आली होती एवढंच सांगतो.

अबोली९
@पेठकरी भेळ मिळाली का शेवटी?

पेठकरी
सकाळी मिसळ. हरलेल्यांनी पैसे दिले.

कृष्णाकाठ
आमची लाइट गेली. ८५ व्या मिनिटाच्या आसपास. १-० बघून झोपलो.
सकाळच्या पेपरात निकालच नाही, कारण पेपर छापायला गेला तेव्हा मॅच चालूच असणार. पहिल्या पानावर कारगिल आणि गांगुली-द्रविड. दुपारी नाक्यावर एक मित्र म्हणाला युनायटेड जिंकली. मी त्याच्याशी अक्षरशः भांडलो. "मी स्वतः बघितलंय, बायर्न जिंकतेय" म्हणून. तो म्हणे दोन गोल झाले, मी म्हणे कधी, तो म्हणे नव्वदीनंतर. असं कुणी सांगितलं तर तुम्ही तरी विश्वास ठेवला असता का?
संध्याकाळी बातम्यांत दोन्ही गोल दाखवले. मी उभाच राहिलो टीव्हीसमोर. एवढा मोठा क्षण आपल्या डोळ्यांसमोरून गेला नाही याचं वाईट अजून वाटतं.

गोलकी
@कृष्णाकाठ तुमच्याबरोबर एक मोठा माणूस आहे. युएफाचे अध्यक्ष लेनार्ट योहान्सन कप द्यायला म्हणून नव्वदीच्या सुमारास वरून लिफ्टने खाली निघाले. मैदानाशी पोचले तर जिंकणारे रडतायत आणि हरणारे नाचतायत, त्यांना काही उलगडाच होईना. स्टेडियममध्ये ९० हजार माणसं आणि अध्यक्षांनीच दोन्ही गोल पाहिले नाहीत.

कृष्णाकाठ
हे माहीत नव्हतं. खूप बरं वाटलं वाचून, खरंच.

म्हापशेकर
आमच्या घरात बाबा तारवटी, म्हणजे जहाजावर कामाला. त्या वर्षी मे महिन्यात ते सुट्टीवर घरी होते, म्हणून ही रात्र विशेष. एरवी मोठ्या मॅचला ते कुठल्यातरी बंदरात असायचे आणि महिन्याने पत्रात विचारायचे.
त्या वर्षी गोव्यात फुटबॉलचं वातावरण वेगळंच होतं. साळगावकरने राष्ट्रीय लीग जिंकली होती, गोव्यातल्या क्लबने पहिल्यांदाच. सगळीकडे तीच चर्चा. तर फायनलला आमच्याकडे वाड्यावरचे सगळे जमलेले, अंगणात टीव्ही काढलेला, आईने भल्यामोठ्या टोपात सोलकढी केलेली. मे महिन्यातला उकाडा माहीत आहे ना तुम्हाला. बाबा बायर्नच्या बाजूचे, कारण त्यांच्या जहाजावरचा चीफ इंजिनियर जर्मन होता आणि भला माणूस होता. एवढंच कारण! इंज्युरी टाइमची पाटी आली, तीन मिनिटं, तेव्हा बाबा उठून फणस फोडायला गेले. विजयाचा फणस. तेल लावलेले हात घेऊन परत आले तर २-१.
त्यांनी काय केलं असेल? फणस सगळ्यांना वाटला. युनायटेडवाल्यांना आधी.

वऱ्हाडी_ठसका
रात्री दोन वाजता फणस! बाप्पा.

म्हापशेकर
रसाळ होता, कापा नाही. रसाळ कधीही चालतो.

अबोली९
कापाच चांगला. यावर वेगळा धागा काढा कुणीतरी.

इसारकाठ
मी म्युनिकमध्ये होतो. शिकायला गेलो होतो, वसतिगृहात राहायचो. आमच्या मजल्याच्या स्वयंपाकघरात टीव्ही होता. तिथे मी एकटा भारतीय, बाकी बहुतेक बव्हेरियातली मुलं.

इथे सगळे युनायटेडच्या बाजूने लिहितायत म्हणून थोडं दुसरं सांगतो. युनायटेडसारखीच बायर्नसुद्धा त्या वर्षी तीन कपांच्या मागे होती हे लोक विसरतात. लीग जिंकलेली होती, जर्मन कपची फायनल जूनमध्ये व्हायची होती. आणि कॅम्प नोऊवर ८५ मिनिटं त्या संघाने सामना हातात ठेवला होता. प्रशिक्षक हिट्झफेल्डची आखणी उत्तम होती. युनायटेडला मधून वाटच मिळत नव्हती.

पहिला गोल झाला तेव्हा स्वयंपाकघरात कुणी ओरडलंही नाही. सगळ्यांना वाटलं, ठीक आहे, आता जादा वेळ. माझ्या शेजारचा मुलगा कॉफीचं भांडं चढवायला उठला, कारण अजून अर्धा तास जागायचं होतं. दुसरा गोल झाला तेव्हा भांडं त्याच्या हातातच होतं. तो वळला, टीव्हीकडे बघितलं आणि भांडं अगदी नीट जागेवर ठेवून खोलीत निघून गेला. एकामागून एक सगळे गेले. रात्री उशिरापर्यंत रस्त्यावर लोक गाणी म्हणत फिरणार, असं मला आठवडाभर सांगितलं गेलं होतं. प्रत्यक्षात बाहेर ट्रॅमचा आवाज तेवढा येत होता.

जूनमध्ये ते जर्मन कपची फायनलही वेर्डर ब्रेमेनकडून पेनल्टीवर हरले. माथेउसचं तर बघा. १९८७ ला पोर्टोविरुद्धच्या फायनलमध्येही तो होता. तेव्हाही बायर्न १-० पुढे, शेवटच्या तेरा-चौदा मिनिटांत दोन गोल खाल्ले. बारा वर्षांनी पुन्हा तेच. इतका मोठा खेळाडू, विश्वचषक उचललेला कर्णधार, पण हा कप त्याला कधीच मिळाला नाही.

खिडकीपाशी
@इसारकाठ इथे लिहिलंत, खूप आभार. ही बाजू हवीच होती.

वऱ्हाडी_ठसका
मी इसारकाठच्या बाजूनं. त्या दिवशी युनायटेड चांगली खेळली नाही हे कबूल करायला लोकांच्या जिवावर काहून येते? गोलकडं धड शॉट नव्हते. बायर्नचा एक खांबाला, एक बारला. इतक्या इतक्या फरकानं गेली मॅच. नशीब नाही तर काय?

खिडकीपाशी
खांब आणि बार मान्य. पण पहिला गोल बघा पुन्हा. कॉर्नर आला, फिंकला चेंडू नीट बाहेर काढता आला नाही, गिग्जने उजव्या पायाने कसाबसा ढकलला आणि शेरिंगहॅम नेमका तिथे. फिंक म्हणजे माथेउसच्या जागी आलेला. बास्लरलाही शेवटी शेवटी बाहेर काढलं होतं. म्हणजे बायर्नने सामना संपवायला माणसं बदलली आणि युनायटेडचे प्रशिक्षक फर्ग्युसन यांनी सामना उघडायला. शेरिंगहॅम ६७ व्या मिनिटाला, सोल्शायर ८१ व्या. दोघेही राखीव, दोघांचे गोल. याला मी निर्णय म्हणते.
आणि सोल्शायर बाकावर बसून नुसता वाट बघत नसे, समोरच्या बचावपटूंचा अभ्यास करत असे. त्याच फेब्रुवारीत नॉटिंगहॅम फॉरेस्टविरुद्ध बाकावरून येऊन चार गोल मारले होते त्याने. चार!

वऱ्हाडी_ठसका
फॉरेस्टचं आठवते. ८-१. बरं, अर्धं नशीब, अर्धा निर्णय. याच्या खाली येत नाही मी.

पेठकरी
अर्ध्यावर तोडगा. आमच्यात पंचायतीत असंच करतात.

निमूट
मी त्या रात्री झोपलो होतो. त्या वेळी फुटबॉलशी काही संबंध नव्हता. टाँटनची मॅच पूर्ण बघितली होती. सचिन दोनवर बाद झाला तरी घरात कुणी काही बोललं नाही, कारण आठवडाच झाला होता वडील जाऊन. तीन दिवस आधी केनियाविरुद्ध १४० करून त्याने आभाळाकडे बघितलं होतं ते सगळ्यांच्या मनात होतं.

अबोली९
@निमूट हो. माझी आई ती केनियाची मॅच बघताना रडली होती. तिला क्रिकेटमधलं काही कळत नाही.

रविवारचा_बाजार
सचिनचं वेगळ्या धाग्यावर घ्या लोकहो, नाहीतर इथे पाचशे प्रतिसाद होतील आणि बिचारा सोल्शायर राहील बाजूला.

निमूट
घेतो. फक्त गांगुलीने मुरलीला मारलेले ते सिक्स विसरू नका.

साताऱ्याची_लेक
लिहू की नको विचार करत होते. लिहिते.
माझा भाऊ तेव्हा द्रासच्या बाजूला होता. पत्र यायला वेळ लागायचा आणि मे महिन्यात ती यायचीच बंद झाली होती. आमच्या घरात टीव्ही फक्त बातम्यांसाठी चालू. २६ तारखेला विमानं गेल्याची बातमी आली आणि वडील खुर्चीतून हललेच नाहीत. ते स्वतः फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झालेले. रात्री बातम्या संपल्या तरी त्यांना झोप येईना, मी सोबतीला बसले. चॅनेल बदलता बदलता ही मॅच लागली.
वडील फौजेत फुटबॉल खेळायचे हे मला त्या रात्री कळलं! रेजिमेंटच्या टीममध्ये, लेफ्ट बॅक. एरवी घरात ते फार बोलत नसत. त्या रात्री ऑफसाइड म्हणजे काय ते त्यांनी मला टीपॉयवर काड्यापेटीच्या काड्या मांडून समजावलं. युनायटेडचा गोलकीपर कॉर्नरला पुढे पळत आला तेव्हा म्हणाले, "चौकी सोडून आला बघ हा. आता एकतर गोल होईल नाहीतर मार खातील." आणि गोल झाला. दुसऱ्या गोलानंतर तो गोलकीपर मागे एकटाच कोलांटी मारत होता, ते बघून वडील हसले. कितीतरी दिवसांनी हसले.
दुसऱ्या दिवशी आपली दोन विमानं गेल्याची बातमी आली. पुढचे दोन महिने कसे गेले ते नको. भाऊ सुखरूप आला. त्याला सगळ्यात आधी मी ही मॅच सांगितली आणि तो म्हणाला, "आबा फुटबॉल खेळायचे? मला कधी बोलले नाहीत!"

पेठकरी
ताई, तुमच्या वडिलांना आणि भावाला मनापासून नमस्कार.

गोलकी
@साताऱ्याची_लेक लेफ्ट बॅकच ओळखू शकतो की गोलकीपर कधी चुकीच्या जागी आहे. श्मायकेलचा युनायटेडसाठीचा तो शेवटचा सामना होता आणि कीन नसल्यामुळे कॅप्टनही तोच. वडील आहेत का अजून? असतील तर सांगा त्यांना.

साताऱ्याची_लेक
आहेत. उद्या सकाळी वाचून दाखवते त्यांना.

रविवारचा_बाजार
मी आता बोलतो ते बाजूलाच ठेवा. डोळे भरले.

पावसाळी_छत्री
आम्ही मँचेस्टरला होतो! लग्न होऊन मी नुकतीच गेले होते. मला फुटबॉलचा गंध नाही, नवरा कामावर, रात्रपाळी. रात्री पावणेदहाच्या सुमारास सगळी गल्ली दारं उघडून बाहेर आली. मला वाटलं आग लागली की काय. मी पण बाहेर. समोरच्या आजीबाईंनी मला मिठी मारली, त्याआधी आमचं बोलणंसुद्धा नव्हतं. त्या म्हणाल्या आज सर मॅट बस्बींचा वाढदिवस. मला बस्बी कोण ते माहीत नाही. मग त्यांनी घरात नेऊन चहा दिला आणि सगळं सांगितलं. १९५८ चा म्युनिकचा विमान अपघात, गेलेली तरुण मुलं, बस्बी स्वतः मरता मरता वाचले, मग दहा वर्षांनी १९६८ ला वेम्बलीवर बेनफिकाला हरवून हाच कप. आणि आता पुन्हा, त्यांच्या नव्वदाव्या जन्मदिवशी, तेही म्युनिकच्याच संघाशी खेळून. आजीबाईंना ते गेलेले खेळाडू नावानिशी पाठ होते.
दुसऱ्या दिवशी डीन्सगेटवर उघड्या बसमधून मिरवणूक. माणसंच माणसं, लोक दिव्याच्या खांबांवर चढलेले. मला लालबागच्या विसर्जनाची आठवण आली आणि पहिल्यांदा त्या गावात परकं वाटलं नाही.

खिडकीपाशी
@पावसाळी_छत्री वा! बस्बींच्या वाढदिवसाचं मी लिहायला विसरणारच होते.

पावसाळी_छत्री
अजून एक. आमच्या डाव्या बाजूचे शेजारी मँचेस्टर सिटीचे. त्या रात्री त्यांचं एकट्यांचं दार बंद. सिटी तेव्हा तिसऱ्या पायरीच्या लीगमध्ये होती, आजच्या मुलांना सांगून खरं वाटत नाही. चारच दिवसांनी, ३० मेला, वेम्बलीवर त्यांची वर चढण्यासाठीची फायनल जिलिंगहॅमशी. ०-२ ने मागे, नव्वद मिनिटं होत आलेली. आणि त्यांनीही दोन गोल मारले! दुसरा ९५ व्या मिनिटाला, मग पेनल्टीवर जिंकले. त्या दिवशी ते दार उघडलं आणि तो माणूस गाऊन घेऊन बाहेर आला, म्हणजे बायकोचा गाऊन झेंड्यासारखा हलवत. निळा होता म्हणून.

वऱ्हाडी_ठसका
निळा गाऊन. हा प्रतिसाद जिंकला.

गोलकी
सिटीवाले तर म्हणतात तो जिलिंगहॅमचा सामना झाला नसता तर पुढचं काहीच झालं नसतं.
आणखी एक गंमत. चॅम्पियन्स लीग म्हणायचं, पण १९९९ च्या फायनलमधले दोन्ही संघ आदल्या वर्षी आपापल्या देशाचे चॅम्पियन नव्हतेच. इंग्लंडमध्ये आर्सेनल, जर्मनीत कायझर्सलाउटर्न. आणि त्याआधी गटसाखळीतही हे दोघे एकाच गटात होते. म्युनिकला २-२, ओल्ड ट्रॅफर्डला १-१. म्हणजे तीन सामन्यांत ९० मिनिटं संपली तेव्हा यांच्यात फरक फक्त बास्लरच्या एका फ्रीकिकचा होता.

कृष्णाकाठ
आणि मी तेवढाच फरक बघून झोपलो.

चहा_कटिंग
@खिडकीपाशी गिरगावात कुठली चाळ? मोठा टीव्ही असलेले काका म्हणजे प्रेस चालवायचे ते का? तळमजल्याला छपाईचं मशीन?

खिडकीपाशी
@चहा_कटिंग अय्या हो! तुम्ही कोण? जिन्याच्या उजवीकडचे की डावीकडचे?

चहा_कटिंग
समोरच्या इमारतीतला. आमच्या खिडकीतून तुमचा टीव्ही दिसायचा, आवाज यायचा नाही. आम्ही दोघं भाऊ कठड्यावर बसून बघत होतो. सोल्शायरचा गोल आधी तुमच्या उड्यांवरून कळला, मग टीव्हीवर दिसला. एक मुलगी खुर्चीवर उभी राहून ओरडत होती, ती तुम्हीच का?

खिडकीपाशी
खुर्ची नाही, स्टूल. मीच.

रविवारचा_बाजार
बघा, धागा सार्थकी लागला.

इसारकाठ
वऱ्हाडी_ठसका आणि इतर बायर्नप्रेमींसाठी थोडं औषध. २००१ ची हीच फायनल, सान सिरो, व्हॅलेन्सियाशी पेनल्टी, बायर्नचा गोलकीपर कान याने तीन अडवल्या. कुफूर त्या संघात होता, पूर्ण सामना खेळला. एफेनबर्ग कॅप्टन. हिट्झफेल्डच प्रशिक्षक. मी तोवर दुसऱ्या गावी नोकरीला लागलो होतो, पण कॉफीवाल्या मित्राला फोन केला. त्याने फोन उचलला आणि काही न बोलता रिसीव्हर खिडकीबाहेर धरला. खाली सगळं गाव गात होतं.

वऱ्हाडी_ठसका
हे वाचून आता मी जेवायला जातो. धन्यवाद दादा.

लाल_पक्षी
इस्तंबूलच्या २००५ च्या फायनलवर धागा कधी? ०-३ वरून ३-३. आम्ही लिव्हरपूलवाले इथे मुकाट्यानं वाचत बसलोय.

पेठकरी
काढ की मर्दा. भेळ आम्ही आणतो.

म्हापशेकर
फणस माझ्याकडे. मे महिना आहेच.